भातखाचरांतील लांडगा कोळी : त्याचे कुल व नाव

नायगावात कोळी म्हटले की प्रथम खाडीवरचे मच्छीमार बंधू आठवतात; आम्ही लिहीत आहो ते मात्र भातखाचरांतील अष्टपाद जीवाविषयी. लावणीनंतर चुडांच्या बुडाशी पाण्यावरून धावणारा करडा कोळी वाचकांनी पाहिलाच असेल. तो शिकारीसाठी जाळे विणीत नाही, भक्ष्यावर झडप घालतो. म्हणून ग्रीक भाषेतील लांडग्याच्या नावावरून त्याच्या कुलास लायकोसिडी म्हणतात. हे कुल सुंदेवाल यांनी १८३३ साली स्थापिले. ओळख डोळ्यांवरून पटते : पुढे चार बारीक, त्यांवर दोन मोठे, मागे दोन मध्यम. मादी अंड्यांची पिशवी पोटाच्या टोकास चिकटवून हिंडते व पुढे पिले पाठीवर वाहते.

सातबाऱ्यावर गाव, गट, पोटहिस्सा, तसे प्राण्यांच्या दप्तरी कुल, वंश, जाती. खाचरातील ही जाती १९०६ साली जपानातून वर्णिली गेली, ती टॅरेंटुला वंशात. पुढे फेरफार होऊन लायकोसा व आता पार्डोसा स्यूडोअॅन्युलाटा असे नाव लागले. तेव्हा जुन्या पुस्तकांत तिन्ही वंशनामांखाली शोध घ्यावा. कोळ्यांची सर्वांत जुनी ग्राह्य नावे क्लेर्क यांच्या १७५७ च्या ग्रंथातील. हे गृहस्थ स्टॉकहोमच्या कारभारात नोकरीस होते, याचा आम्हां जुन्या कारकुनांस संतोष वाटतो.

हा कोळी तपकिरी तुडतुडे खातो. चार तुडतुडे दिसताच विषारी औषध फवारल्यास कोळी मरतात व उरलेले तुडतुडे निर्धास्त वाढतात. यास्तव फवारणीपूर्वी दहा-वीस चुडांच्या बुडाशी दोहोंची मोजणी करावी.