पाच लाखांचं कार्ड आणि जिमची फी

सरकारी आरोग्य विम्यातून जिमची फी मिळत नाही. अर्धी नाही, पाव नाही, आणि डॉक्टरांनी चिठ्ठीवर ‘व्यायाम करा’ असं लिहून दिलं तरी नाही. हे पहिल्याच ओळीत सांगते, कारण ‘पाच लाखांपर्यंत मोफत’ हे शब्द कानावर पडले की आपल्याला हवं ते सगळं त्या पाच लाखांत बसेल अशी समजूत होते. मग त्या समजुतीपायी कुणी जिमची वर्षाची फी एकदम भरून बसतो, तर कुणी ‘जिम फुकट’ म्हणणाऱ्या एजंटाकडून नको ती पॉलिसी घेतो. आपल्या धुळे जिल्ह्याला ही योजना नवी नाही. २ जुलै २०१२ रोजी राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना ज्या आठ जिल्ह्यांत पहिल्यांदा सुरू झाली, त्यांत धुळे होता. उरलेल्या महाराष्ट्राला ती २०१३ च्या नोव्हेंबरात मिळाली. पुढे तिला महात्मा जोतिराव फुले यांचं नाव मिळालं, २०२० मध्ये केंद्राच्या आयुष्मान भारत योजनेशी तिची सांगड घातली गेली, आणि २८ जुलै २०२३ च्या शासन निर्णयाने कुटुंबामागचं दीड लाखाचं संरक्षण पाच लाखांवर नेलं, उपचारांची संख्या १३५६ केली. नाव बदललं, रक्कम वाढली, यादी लांबली. गाभा मात्र तोच राहिला: ही दवाखान्यात भरती झालेल्या माणसाची योजना आहे.

तिचा व्यवहार कसा चालतो हे एकदा समजलं की जिमचा प्रश्नच उरत नाही. प्रत्येक उपचाराचा दर ठरलेला असतो, त्याची मंजुरी आधी घ्यावी लागते आणि पैसे थेट दवाखान्याला जातात. रुग्णाच्या हातात रोख रक्कम येत नाही. त्यामुळे बाहेर खर्च करायचा, पावती जोडायची आणि पैसे मागायचे, अशी वाटच या योजनेत नाही. केंद्राच्या नियमांत भरतीच्या आधीचे तीन दिवस आणि सुट्टीनंतरचे पंधरा दिवस धरलेले आहेत. नुसती बाह्यरुग्ण तपासणी, म्हणजे आपण ज्याला ओपीडी म्हणतो ती, त्यात येत नाही. ज्या कार्डावर दर महिन्याची साखरेची गोळी मिळत नाही, त्यावर ट्रेडमिल कुठून मिळणार? सूतगिरणीत किंवा कारखान्यात काम करणाऱ्यांचा कर्मचारी राज्य विमा याहून उदार आहे. महिना २१,००० रुपयांपर्यंत वेतन असलेल्या कामगाराला त्यात ओपीडी, औषधं आणि आजारपणाच्या दिवसांतला भत्ताही मिळतो. जिमची फी मात्र त्यातही नाही.

यावर समोरून जो प्रश्न येतो तो रास्त आहे. अँजिओप्लास्टीला लाखभर रुपये मोजण्यापेक्षा आधीच महिन्याला हजार रुपये व्यायामावर खर्च केले तर सरकारचाच पैसा वाचणार नाही का? व्यायामाने आजार टळतो, याबद्दल माझ्या मनात तिळमात्र शंका नाही. त्याचा भक्कम पुरावा आपल्याच देशातला आहे. चेन्नईच्या डॉ. ए. रामचंद्रन यांच्या गटाने मधुमेहाच्या उंबरठ्यावरच्या ५३१ जणांवर अभ्यास केला आणि तो २००६ मध्ये प्रसिद्ध झाला. तीन वर्षांत, नेहमीचाच सल्ला मिळालेल्यांपैकी ५५ टक्के लोकांना मधुमेह झाला. खाण्यात आणि हालचालीत बदल करायला लावलेल्यांत हे प्रमाण ३९ टक्क्यांवर राहिलं. पण त्या लोकांना जिममध्ये पाठवलं नव्हतं. रोज किमान अर्धा तास भरभर चाला, एवढंच सांगितलं होतं आणि ते करत आहेत का हे वेळोवेळी विचारलं होतं. जे कामानिमित्त आधीच तेवढं चालत किंवा सायकल चालवत होते, त्यांना तेच चालू ठेवायला सांगितलं. म्हणजे गुण चालण्याचा होता आणि पाठीमागे लागून विचारणाऱ्या माणसाचा होता.

फी कुणी भरली म्हणून न चालणारा माणूस चालू लागतो का, हाही तपासलेला प्रश्न आहे. अमेरिकेत वृद्धांच्या मेडिकेअर विम्याच्या मूळ सरकारी योजनेत जिम नाही. खासगी कंपन्या चालवतात त्या मेडिकेअर योजनांपैकी पुष्कळांत ती असते. अशा ज्या योजनांनी जिम नव्याने जोडली, त्यांचा अभ्यास २०१२ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यात दिसलं ते असं की नंतर त्या योजनांत आलेली माणसं मुळातच अधिक ठणठणीत होती. जिमने लोकांना निरोगी केलं नव्हतं, जिमच्या सवलतीने निरोगी लोक ओढून आणले होते. इलिनॉय विद्यापीठाच्या जवळजवळ पाच हजार कर्मचाऱ्यांना चिठ्ठ्या टाकाव्यात तसं दोन गटांत वाटून केलेल्या प्रयोगातही, आरोग्य कार्यक्रमात पुढे आले ते आधीपासूनच ज्यांचा दवाखान्याचा खर्च कमी होता तेच. आता हे आपल्या तालुक्यावर ठेवून बघा. जिमची फी विम्यात घातली तर तिचा लाभ शिरपूर शहरात राहणाऱ्या, पँट-बूट घालून संध्याकाळी मोकळ्या असणाऱ्या माणसाला होईल. सातपुड्याच्या पायथ्याशी दिवसभर निंदणी-वेचणी करणाऱ्या पावरा आदिवासी बाईला जिमची गरज नाही. तिला गरज आहे ती बाळंतपणात किंवा अपघातात कार्ड चालण्याची. दोघांचा पैसा एकाच थैलीतून जाणार असेल, तर ती थैली कुणासाठी आधी उघडायची याबद्दल मला दुमत वाटत नाही.

जर्मनीचं उदाहरण लोक हमखास देतात, म्हणून त्याचाही खुलासा करते. तिथे पगारातून कापल्या जाणाऱ्या वर्गणीवर चालणारा सार्वजनिक विमा व्यायामाला पैसे देतो, हे खरं आहे. पण तो सरसकट जिमच्या सभासदत्वाला दिलेला पैसा नसतो. प्रमाणित अभ्यासवर्ग ठरलेले असतात, बहुतेक तासांना हजर राहिल्यावरच फीचा मोठा भाग परत मिळतो. आणि दुखण्यातून उठलेल्याला डॉक्टरांनी लिहून दिला तर गटाने करायचा व्यायाम विम्यातून मिळतो. मला त्यातली ही दुसरी गोष्ट घेण्यासारखी वाटते. तिच्याकडे शेवटी येते.

त्याआधी सगळ्यांत जड आक्षेप. चालायला सांगता, पण चालायचं कुठे? एप्रिल-मेमध्ये खान्देशात सकाळी नऊलाच ऊन चटके देतं आणि पारा ४४ अंशांकडे जातो. मुंबई-आग्रा महामार्गाच्या कडेला ट्रकांच्या धुरात चालणं म्हणजे जीव मुठीत धरणं. बायकांना तर पहाटेच्या अंधारातही नको आणि रात्रीही नको अशी गत. ‘लॅन्सेट ग्लोबल हेल्थ’मध्ये २०२४ साली आलेल्या अंदाजानुसार २०२२ मध्ये भारतातली जवळजवळ निम्मी प्रौढ माणसं पुरेशी हालचाल करत नव्हती. पुरुषांत हे प्रमाण ४२ टक्के होतं आणि बायकांत ५७ टक्के. या फरकाला आळस म्हणणं मला अन्यायाचं वाटतं. चार भिंतींची, दिवे असलेली, दार लागणारी जागा म्हणून बाईला जिम हवी असते, आणि तिचं म्हणणं मी शंभर टक्के मान्य करते. माझं म्हणणं इतकंच की ती जागा विम्याच्या खिडकीवर मिळणार नाही. ती मागायची खिडकी दुसरी आहे. व्यायामशाळा आणि साहित्य यांच्यासाठी राज्याच्या क्रीडा विभागाची अनुदान योजना आहे, तिचा अर्ज जिल्हा क्रीडा अधिकाऱ्यांकडे जातो. उद्यानातली खुली व्यायामशाळा नगरपरिषदेच्या अखत्यारीत येते. मोडलेलं पेडल, बंद पडलेला दिवा, बायकांसाठी राखीव तास, शाळा सुटल्यावर मैदानाचं फाटक उघडं ठेवणं, या मागण्या लेखी आणि वीस बायकांच्या सह्यांनी गेल्या तर टाळणं कठीण होतं. गावात असाल तर उपकेंद्राकडे बघा. आयुष्मान भारत योजनेचं दुसरं अंग म्हणजे आयुष्मान आरोग्य मंदिर. तिथे समुदाय आरोग्य अधिकारी असतो, तिशीपुढच्यांची रक्तदाब-साखर तपासणी मोफत होते आणि योगवर्ग घेणं हे त्या केंद्राच्या कामातच धरलेलं आहे. वर्ग होत नसतील तर आशाताईंमार्फत ग्रामसभेत विचारा. आरोग्याचा सरकारी पैसा व्यायामावर खर्च होतो तो इथे, आणि नेमकं हेच दार आपण ठोठावत नाही.

खासगी पॉलिसीबद्दल थोडक्यात. विमा नियामकाने २०२० मध्ये कंपन्यांना परवानगी दिली की चालण्या-फिरण्याचे गुण देऊन त्या बदल्यात जिम किंवा योगकेंद्राचं व्हाउचर किंवा हप्त्यात सूट देता येईल. हा जोडलाभ आहे, त्यासाठी पॉलिसी घेऊ नका. आधी हे विचारा की आधीपासून असलेल्या आजाराला किती वर्षं थांबावं लागेल (२०२४ पासून ही मुदत जास्तीत जास्त तीन वर्षं आहे), आणि रक्तदाब-साखर असेल तर अर्जात ती लपवू नका, एजंटाने ‘राहू द्या’ म्हटलं तरीही. व्हाउचर हुकलं तर हजार-दोन हजाराचं नुकसान. लपवलेल्या मधुमेहावरून दावा नाकारला गेला तर शेत विकायची पाळी येते. स्वतःच्या पैशाने जिम लावणाऱ्यांनी महिन्यामहिन्याने फी भरावी. अमेरिकेतल्या तीन क्लबांच्या नोंदींवरून २००६ मध्ये निघालेला निष्कर्ष असा की महिन्याला ७० डॉलरहून जास्त देणारे सरासरी चारच वेळा गेले आणि त्यांना एक खेप १७ डॉलरच्या वर पडली. १० डॉलरला एक खेप मिळत असताना! २२ सप्टेंबर २०२५ पासून जिमवरचा जीएसटी १८ वरून ५ टक्क्यांवर आला आहे, म्हणून बिल बघा. बिलावर जीएसटी क्रमांक नसेल तर कर देऊ नका.

आता जर्मनीतली ती घेण्यासारखी गोष्ट, दुखण्यातून उठलेल्याला शिकवायचा व्यायाम. हृदयविकाराचा झटका आलेल्या माणसाला कार्डावर अँजिओप्लास्टी मिळते, काही उपचारांनंतर पाठपुराव्याच्या तपासण्या आणि औषधंही मिळतात. पण त्यानंतर किती चालायचं, जिना कधी चढायचा, शेतात पाण्याची मोटर चालू करायला कधी जायचं, हे शिकवणारा कुणी मिळत नाही. घाबरलेले घरचे त्याला खाटेवर बसवून ठेवतात आणि सहा महिन्यांत माणूस खचतो. भारतातल्या २४ रुग्णालयांत ३९५९ रुग्णांवर योगाधारित पुनर्वसनाचा मोठा प्रयोग झाला, तो २०२० मध्ये प्रसिद्ध झाला. मृत्यूचं प्रमाण त्यात ठळकपणे कमी झालं असं दिसलं नाही, हे सांगितलंच पाहिजे. पण त्या रुग्णांना स्वतःला जास्त बरं वाटत होतं आणि ते पूर्वीच्या कामाकडे अधिक परतले. त्यासाठी महागडी यंत्रं लागली नाहीत, शिकवणारा माणूस आणि मोजके वर्ग लागले. असे दहा-बारा वर्ग हृदयाच्या, लकव्याच्या आणि गुडघ्याच्या उपचारांच्या ठरलेल्या दरातच धरावेत, ते धुळ्याच्या मेडिकल कॉलेजात पन्नासेक किलोमीटर ये-जा करून नव्हे तर शिरपूरच्या सरकारी रुग्णालयात मिळावेत, ही मागणी मी मनापासून करते.

ती पुरी होईपर्यंत एक करा. सुट्टी होताना आरोग्यमित्राच्या, म्हणजे दवाखान्यात या योजनेचं काम बघणाऱ्या माणसाच्या, टेबलावर विचारा की तुमच्या उपचाराला पाठपुरावा आहे का आणि किती दिवसांचा. उत्तर मिळालं नाही तर योजनेच्या मदत क्रमांकांवर, १५५३८८ किंवा १४५५५ वर, फोन लावा. मग डॉक्टरांसमोर डिस्चार्ज कार्ड ठेवा आणि औषधांच्या खाली लिहून घ्या: कोणत्या दिवसापासून, किती मिनिटं, कोणत्या वेळी चालायचं, आणि काय झालं तर लगेच थांबायचं.