डिलीटचं बटण शेवटी

मिरज, १४ मे

चि. ओंकार,

परवा रात्री पावणेदोनला तुझा मेसेज आला होता. "आत्या, ९९ टक्क्यांवर अडकलंय. तीनदा डिलीट करून परत टाकलं. पीसी फॉरमॅट मारू का?" सोबत मॉनिटरचा मोबाइलवर काढलेला फोटो. मी झोपेत होते. माझ्या उत्तराची वाट बघत तूही झोपलास, पीसी तसाच चालू राहिला. सकाळी मी दुकानाचं शटर वर करते तोवर तुझा दुसरा मेसेज: "झालं!!! काय केलंस तू?"

मी काहीच केलं नव्हतं. तूही नव्हतं केलंस. तेच औषध होतं.

व्हॉट्सॲपवर हे एका ओळीत सांगून मोकळी झाले असते, पण मग पुढच्या गेमला तू पुन्हा तेच करशील. म्हणून हे लांब पत्र. दादा रविवारी येतोय, त्याच्या हाती देते. कागदावर मुद्दाम लिहिलंय, पीसी बंद पडला तरी वाचता यावं म्हणून.

आधी हिशेब. गेम ६० जीबीचा, तीनदा डिलीट केलास, म्हणजे जवळजवळ १८० जीबी डाउनलोड पाण्यात. शिवाय रात्री अकराला केबलवाल्याला फोन केलास, राउटर हॉलमधून तुझ्या खोलीत आणलास आणि वहिनीचा सीरियलचा भाग बुडवलास. आग सोमेश्वरी आणि बंब रामेश्वरी. तुझ्या फोटोत नेटचा काही दोष नव्हताच.

तो फोटो पुन्हा काढून बघ. तू गेम जिथून उतरवतोस त्या स्टीमच्या डाउनलोडच्या पानावर आलेख असतो. त्यातल्या निळ्या पट्ट्या नेटच्या, हिरवी रेघ डिस्कची. तुझ्या फोटोत निळं सगळं शून्यावर झोपलं होतं, पण हिरवी रेघ उड्या मारत होती. म्हणजे माल घरात आला होता, रचायचा बाकी होता.

आपल्या घराचंच उदाहरण घे. नळाला पाणी पहाटे येतं, खालच्या हौदात पडतं आणि तिथून मोटर ते गच्चीवरच्या टाकीत चढवते. नळ बंद झाला तरी मोटर चालूच असते. तेव्हा कोणी "पाणीच येत नाही" म्हणून हौद रिकामा करत नाही. स्टीम गेम आणतं तो साधारण एकेक एमबीच्या दाबून बांधलेल्या तुकड्यांत. तुकडा आला की उलगडायचा, बरोबर आलाय का ते तपासायचं आणि डिस्कवर जागच्या जागी लिहायचा. यात प्रोसेसर राबतो, डिस्क राबते. तुझ्या पीसीत जुनी फिरती हार्ड डिस्क आहे, एसएसडी नाही. तिला हे पेलत नाही, म्हणून स्टीम मधूनमधून नेट थांबवतं आणि तिला दम खाऊ देतं. शेवटी तर बराच वेळ नुसतं लिहिणंच चालतं. तो आकडा ९९ वर गोठलेला दिसतो, काम गोठलेलं नसतं.

अपडेटला हे जास्त जाणवतं. अपडेट काही शे एमबीचा असतो, पण ज्या फाइलमध्ये बदल करायचा ती २० जीबीची असेल तर ती अख्खी नव्याने रचावी लागू शकते. तेवढा वेळ जातो आणि तेवढी मोकळी जागाही लागते. "एवढ्याशा अपडेटला जागा कमी कशी पडते?" असं तू मागं विचारलं होतंस, त्याचं उत्तर हे.

आता तुझ्या डिलीटच्या सवयीबद्दल. मी दुरुस्तीचं दुकान टाकलं तेव्हा पोरं सायबर कॅफेत काउंटर-स्ट्राइक खेळायची. गेम सीडीवरून चढायचा. सीडीवर ओरखडा असला की ७० टक्क्यांवर मान टाकायचा, मग कोणीतरी टूथपेस्ट लावून ती पुसायचं. नेटवरून काही उतरवताना मध्येच फोन लागला की डायल-अप तुटायचं आणि फाइल पुन्हा पहिल्या अक्षरापासून. स्टीम २००३ च्या सप्टेंबरात आलं, आणि त्याचं सुरुवातीचं मोठं काम हेच होतं, गेमचे अपडेट माणसांपर्यंत नीट पोचवणं. आज लाइट गेली, नेट तुटलं, तू पॉज केलंस, तरी आलेले तुकडे जातात कुठे? कुठेच नाही. स्टीमॲप्स फोल्डरच्या आत डाउनलोडिंग नावाचं फोल्डर असतं, तिथे ते पडून राहतात आणि पुढचं काम तिथून सुरू होतं. पहिल्यापासून सुरुवात करायची सवय आमच्या काळाची होती, नाइलाजाची. तुला ती नाइलाज नसताना लागली.

तेव्हा पहिला नियम: काहीही अडलं की पाच मिनिटं हात मांडीखाली आणि डोळे त्या दोन रेषांवर.

निळी शून्य, हिरवी चालू, तर काम चाललंय. जेवायला जा. निळी वरखाली होतेय, तर नेटकडे बघ. दोन्ही शून्य, तर कुठेतरी खरोखर घोडं अडलंय, आणि बहुतेक वेळा स्टीम त्याचं कारण बारीक अक्षरात लिहितं. ते वाच. गिऱ्हाइकाला मी "काय एरर आला?" विचारलं की दहातले आठ सांगतात, "काहीतरी इंग्लिशमध्ये होतं." त्या काहीतरीतच सगळं असतं.

नेटचं आधी सांगते, कारण त्यात तुझा एक गैरसमज आहे. "४० चा प्लॅन घेतलाय आणि स्टीम ५ च दाखवतं, फसवतात" असं तू दादाला सांगितलंस. ४० मेगाबिट, आठ बिटांचा एक बाइट, ४० भागिले ८, म्हणजे सेकंदाला ५ मेगाबाइट. पुरेपूर मिळतंय तुला. सेटिंगमध्ये बिट की बाइट हे बदलता येतं, वेग त्यानं बदलत नाही. या वेगानं ६० जीबीला साधारण तीन तास वीस मिनिटं लागणारच. मोबाइलच्या हॉटस्पॉटवर, दिवसाला दीड जीबीच्या पॅकमध्ये, हाच गेम ४० दिवसांनी पुरा होईल.

वेग खरंच पडत असेल तर आधी वायफाय सोडून केबल लाव. केबल लावूनही वेग शंभर मेगाबिटच्या आसपास अडत असेल आणि प्लॅन त्याहून मोठा असेल, तर वायर बघ. गिगाबिटला वायरीतल्या चारही जोड्या शाबूत लागतात. एखादी तुटली की जोडणी गुपचूप १०० मेगाबिटवर येते, कुणाला सांगतसुद्धा नाही. माझ्याकडच्या कितीतरी "राउटर खराब"च्या तक्रारी क्लिप मोडलेल्या वायरीवर संपल्या आहेत. नेट ठीक आणि तरी स्टीमच मंद, तर सेटिंगमधला डाउनलोडचा प्रदेश बदल, मुंबई असेल तर चेन्नई करून बघ. मंगळवारी स्टीमची नेहमीची देखभाल असते, आपल्याकडे तेव्हा बुधवारची पहाट झालेली असते. त्या वेळी अडलं तर मुकाट्यानं झोप. समोरचं दुकान बंद असताना आपल्या सायकलची हवा तपासू नये. २०२० च्या मे महिन्यात स्टीमसारखेच गेम विकणाऱ्या एपिकनं जीटीए फाइव्ह हा गेम फुकट दिला तेव्हा गर्दीनं त्यांचं स्टोअरच काही तास कोलमडलं होतं, आणि पोरं इकडे घरचा राउटर चालूबंद करत बसली होती.

दुसरं ठिकाण डिस्क. "जागा नाही" असा निरोप असेल तर सोपं आहे. पण जागा असूनही लिहिता येत नाही म्हणतोय, तेव्हा डिस्क कशी फॉरमॅट केली आहे ते बघ. मित्राची बाहेरची हार्ड डिस्क किंवा पेनड्राइव्ह फॅट-३२ ची असली तर तिच्यात एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी मावत नाही, मग डिस्क ५०० जीबी रिकामी का असेना. आजच्या गेममध्ये त्याहून मोठ्या फाइली असतातच. डिस्क एनटीएफएस करून घे, पण त्याआधी तिच्यातला माल दुसरीकडे काढ, नाहीतर मित्र जाईल.

तिसरं ठिकाण पहारेकरी, म्हणजे अँटिव्हायरस. फाइल लॉक झाल्याचा निरोप आला की पहिला संशय त्याच्यावर. नवी फाइल आली की तो ती तपासायला धरून बसतो आणि स्टीमला लिहायला मिळत नाही. त्याला स्टीमच्या गेमचं फोल्डर सोडून द्यायला सांग. फक्त ते फोल्डर. अख्खा पहारेकरी घरी पाठवायचा नाही.

चौथं ठिकाण कुणाला सुचत नाही. मागच्या पावसाळ्यात एक मुलगा वडिलांच्या स्कूटरवर, सीपीयू चादरीत गुंडाळून मांडीवर धरून आला. गेम दर वेळी "करप्ट" म्हणतो, दोनदा विंडोज नवीन टाकलं, तरी तेच. मी त्याच्यासमोर फाइली तपासायचा पर्याय चालवला. चार फाइली खराब निघाल्या. पुन्हा चालवला, सात निघाल्या, आणि त्या वेगळ्याच. मी त्याला म्हटलं, बघ, दर वेळी तीच फाइल खराब निघाली तर डिस्कवर संशय घ्यायचा. दर वेळी वेगळी निघते तेव्हा बहुतेक मोजणाराच चुकतोय. रॅम काढली. पट्टीवरचे सोनेरी दात काळवंडले होते. शाळेच्या खोडरबरानं हलकेच घासले, कापडानं पुसले, टक्क आवाज येईपर्यंत परत बसवली. तिसऱ्यांदा सगळं स्वच्छ. तो मुलगा खोडरबराकडेच बघत राहिला. तरी मी मेमरीची तपासणी रात्रभर लावली, कारण एकदा बरोबर आलं म्हणजे बरं झालं असं नसतं.

आणि घड्याळ. जुन्या पीसीत मदरबोर्डवर नाण्याएवढा सेल असतो, सीआर २०३२. तो संपला की लाइट गेल्यावर पीसीची तारीख कित्येक वर्षं मागे जाते. मग सुरक्षित जोडणीची प्रमाणपत्रं त्याला खोटी वाटतात आणि लॉगिनच होत नाही. नेट चालू, डिस्क ठीक, तरी काहीच जोडलं जात नसेल तर उजव्या कोपऱ्यातली तारीख वाच.

आता क्रम, स्वस्तापासून महागापर्यंत. आधी स्टीम पूर्ण बंद करून सुरू करणं. वरच्या फुलीनं नव्हे, मेनूतल्या एक्झिटनं. मग पीसी आणि राउटर. मग सेटिंगमधून डाउनलोडची कॅशे साफ करणं. त्यानं गेम जात नाही, पण पुन्हा लॉगिन मागतं, तेव्हा पासवर्ड आणि मोबाइल हाताशी ठेव. मग गेमच्या प्रॉपर्टीजमधून फाइलींची तपासणी. ती फक्त बिघडलेले तुकडे नव्याने आणते, ६० जीबी नाही. मग डिस्कची तब्येत. डिलीट या सगळ्यानंतर, आणि फॉरमॅट मला फोन केल्यानंतर. एका वेळी एकच गोष्ट बदल आणि वहीत लिही. तू त्या रात्री राउटर हलवलास, डीएनएस बदललास, अँटिव्हायरस काढलास, सगळं एका तासात. गुण आला असता तरी कशानं आला हे तुला कळलं नसतं.

हॉस्टेलवर गेलास की एक सोय लक्षात ठेव. २०२३ पासून स्टीम एकाच नेटवर्कवरच्या दुसऱ्या पीसीतून गेम उतरवून घेऊ देतं. मित्रानं त्याच्या सेटिंगमध्ये परवानगी दिली की नेट न खर्चता गेम येतो. गेम मात्र दोघांच्याही खात्यावर हवा.

त्यावरूनच शेवटचं. "क्रॅक टाक, डाउनलोडची कटकट नाही" असं सांगणारा मित्र तुला भेटेल, कदाचित भेटलाही असेल. त्या फाइलीबरोबर पहिली सूचना असते, अँटिव्हायरस बंद करा. चोर घरात शिरताना कुत्रा बांधायला सांगतो, त्यातलाच प्रकार. असे पीसी माझ्या टेबलावर येतात तेव्हा गेम चालू असतो, पण फोटो, प्रोजेक्ट आणि बापाच्या बँकेचा पासवर्ड गेलेला असतो. पैसे नसतील तर सेलची वाट बघ. वाढदिवसाला मी आहेच.

तुझ्या पीसीला मी एक एसएसडी बाजूला काढून ठेवली आहे. फुकट नाही. पुढच्या वेळी काही अडलं तर डिलीट न करता, वहीत काय काय केलंस ते लिहून, त्या पानाचा फोटो मला पाठव. ते पान बघून एसएसडी दादाच्या हाती पाठवीन.

दादा-वहिनीला नमस्कार. वहिनीला राउटर परत हॉलमध्ये लावून दे, आजच.

तुझी,
आत्या