यादी मागितलीस म्हणून

सांगली
२ ऑगस्ट

चि. ईशा,

तुझं पत्र मिळालं. माणूस विचार कसा करतो, कुठे घसरतो, यावर काय वाचावं याची यादी तू मागितली आहेस. त्याच पत्रात जाता जाता अण्णांशी उडालेल्या खटक्याचंही लिहिलं आहेस. त्यांनी साखर उतरवणाऱ्या कुठल्याशा काढ्याचा संदेश घरच्या ग्रुपवर टाकला, तू सगळ्यांदेखत ‘आजोबा, हा तुमचा कन्फर्मेशन बायस आहे’ असं उत्तर दिलंस, आणि तेव्हापासून ते ग्रुपवर काही टाकतच नाहीत. यादी देते, पण या खटक्याला धरूनच देते.

काढ्याबद्दलची तुझी शंका रास्त होती. पण ते नाव तू नुकतंच एका पुस्तकातून उचललंस आणि पहिल्यांदा वापरलंस ते ऐंशीच्या घरातल्या माणसावर. या विषयावरच्या पुस्तकांचा मोठा धोका हाच. ती मनाच्या खोडींना एकेक नाव देतात, आणि नाव हाती आलं की ते दुसऱ्याला चिकटवायचा मोह होतो. मी महाविद्यालयात संख्याशास्त्र शिकवत होते तेव्हा हुशार मुलांमध्ये हे जास्त दिसायचं. शिकलेली प्रत्येक कसोटी ती न पटलेल्या निष्कर्षाला लावायची, पटलेल्याला मात्र सूट द्यायची.

कन्फर्मेशन बायस, म्हणजे आपल्या मताला दुजोराच शोधत राहण्याची खोड, नेमकी कशी चालते हे कळायला पुस्तकही लागत नाही, एक खेळ पुरतो. पीटर वेसन या लंडनमधल्या मानसशास्त्रज्ञाने तो १९६० साली मांडला. ‘२, ४, ६ हे आकडे माझ्या मनातल्या एका नियमात बसतात’ एवढंच आपण सांगायचं. समोरच्याने आपले तीन-तीन आकडे सुचवायचे, आपण ‘बसतात’ किंवा ‘बसत नाहीत’ म्हणायचं, आणि खात्री झाली की त्याने नियम सांगायचा. बहुतेक जण ८, १०, १२ विचारतात. बसतात. मग २०, २२, २४. बसतात. मग ‘दोन-दोनने वाढणारे आकडे’ असं छातीठोकपणे सांगतात आणि चुकतात, कारण नियम फक्त चढत्या क्रमाचा असतो. १, ७, ५० विचारलं असतं तर लगेच उलगडा झाला असता. पण आपली कल्पना मोडू शकेल असा प्रश्न विचारायला मन धजत नाही, ‘हो’ ऐकू येईल असेच प्रश्न ते शोधत राहतं. उत्तर मी फोडलं आहे, तेव्हा हा खेळ आता तुझ्यावर चालणार नाही. अण्णांशी खेळ, आणि पुढच्या डावात नियम त्यांना ठरवू दे.

यादीत पहिलं नाव डॅनियल कानेमान यांच्या ‘थिंकिंग, फास्ट अँड स्लो’चं, २०११ सालचं. तू ते अर्धं वाचलेलं दिसतंय. झटक्यात उत्तर देणारं मन आणि कष्टाने हिशेब करणारं मन, ही मांडणी तुला आवडली हे साहजिक आहे. पहिलं मन हाती आलेल्या तुटपुंज्या माहितीतून एक जुळणारी गोष्ट रचतं, आणि गोष्ट जुळली की माहिती अपुरी होती हे विसरून जातं. दुसरं मन मूळचं आळशी, ते बहुतेक वेळा न तपासताच मान डोलावतं. कानेमान आणि त्यांचे सहकारी आमोस ट्वर्स्की यांनी हे वर्षानुवर्षं तपासलं, कानेमान यांना २००२ मध्ये अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं, आणि पुस्तकाचा बराचसा भाग आजही भक्कम उभा आहे. पण चौथं प्रकरण पुन्हा काढ.

त्यात न्यूयॉर्कमधल्या विद्यार्थ्यांवरचा एक प्रयोग आहे. शब्द जुळवून वाक्यं करायचं काम त्यांना दिलं होतं आणि त्या शब्दांत म्हातारपण सुचवणारे शब्द पेरले होते. ते काम करून बाहेर पडलेले विद्यार्थी व्हरांड्यातून इतरांपेक्षा सावकाश चालत गेले, असा निष्कर्ष निघाला. अशा प्रयोगांवर अविश्वास ठेवायला जागाच नाही, अशा अर्थाचं कानेमान यांनी तिथे ठासून लिहिलं आहे. २०१२ साली ब्रसेल्समधल्या संशोधकांनी तोच प्रयोग जास्त विद्यार्थी घेऊन केला आणि वेळ इन्फ्रारेड यंत्राने मोजली. चाल मंदावली नाही. मग दुसऱ्या फेरीत त्यांनी प्रयोग घेणाऱ्यांच्याच मनात भरवलं की ही मुलं सावकाश चालतील, आणि तेव्हा मात्र ती सावकाश चालली. नुसते शब्द काही करत नव्हते. बघणाऱ्याची अपेक्षा त्यांच्या जोडीला लागत होती.

२०१७ मध्ये कानेमान यांनी उघडपणे मान्य केलं की फारच छोट्या नमुन्यांवरच्या अभ्यासांवर आपण नको इतका विश्वास टाकला. त्यांनी हेही सांगितलं की त्यांचा आणि ट्वर्स्कींचा पहिला संयुक्त लेख याच चुकीबद्दल होता. १९७१ सालच्या त्या लेखाचा मुद्दाच असा की छोट्या नमुन्यावर माणसं, अगदी मुरलेले संशोधकसुद्धा, भलता भरवसा ठेवतात. ज्यांनी ही खोड जगाला दाखवली तेच चाळीस वर्षांनी तिच्यात सापडले. मला त्यांच्याबद्दलचा आदर यामुळे वाढला. पण तू यातून काय घ्यायचंस ते नीट बघ. खोड ठाऊक असली म्हणून ती सुटत नाही. निकाल हाती यायच्या आधी स्वतःवर काही बंधन घालून घेतलं असेल तर तिला थोडा आवर बसतो.

असं बंधन कसं घालतात याचा उत्तम नमुना आपल्या पुण्यातला आहे. पत्रिकेवरून बुद्धिमत्ता सांगता येते असा दावा होता. जयंत नारळीकर, संख्याशास्त्रज्ञ सुधाकर कुंटे, नरेंद्र दाभोलकर आणि एकेकाळी स्वतः पत्रिका पाहणारे प्रकाश घाटपांडे यांनी शंभर हुशार मुलं आणि शंभर बौद्धिक अक्षमता असलेली मुलं, अशा दोनशे पत्रिका जमवल्या. त्यांना सांकेतिक क्रमांक दिले, खरी नोंद बंद करून ठेवली आणि प्रत्येक ज्योतिष्याला चाळीस पत्रिका पाठवल्या. कोणती कोणत्या गटातली, एवढंच सांगायचं होतं. ५१ जणांनी पत्रिका मागवल्या, २७ जणांनी उत्तरं पाठवली. २००८ मध्ये निकाल जाहीर झाला: सरासरी ४६ टक्के उत्तरं बरोबर, आणि सर्वांत चांगल्या ज्योतिष्याची चाळीसपैकी चोवीस. नाणं उडवून ठरवलं असतं तरी निम्मी बरोबर आली असती.

मला इथे सर्वांत महत्त्वाची वाटते ती बंद करून ठेवलेली नोंद. तिच्यामुळे ज्योतिष्यांना पळवाट उरली नाही, आणि नारळीकरांनाही उरली नाही. निकाल आपल्या मनाविरुद्ध लागला असता तरी त्यांना तो छापावाच लागला असता. समोरच्याचा दावा त्यांनी त्याच्याच शब्दांत मान्य करून घेतला, कोणाची टर उडवली नाही. दाभोलकरांचं ‘विचार तर कराल?’ याच वृत्तीने लिहिलेलं आहे, म्हणून ते यादीत दुसरं. २० ऑगस्ट २०१३ ला सकाळी फिरायला गेले असता त्यांचा गोळ्या घालून खून झाला, हे तुला माहीत आहे. ते पुस्तक वाचताना त्यातला आवाज किती संयमी आहे तिकडे लक्ष दे.

तिसरं, गेर्ड गिगेरेंझर या जर्मन मानसशास्त्रज्ञाचं कोणतंही. तू औषधशास्त्र शिकते आहेस, म्हणून तुला तर हवंच. त्यांनी १६० स्त्रीरोगतज्ज्ञांना एक प्रश्न घातला. शंभरातल्या एका बाईला स्तनाचा कर्करोग आहे. तो असला तर मॅमोग्राफी ९० टक्के वेळा पकडते, नसला तरी ९ टक्के वेळा ‘आहे’ म्हणते. एका बाईची तपासणी पॉझिटिव्ह आली, तर तिला कर्करोग असण्याची शक्यता किती? पुढे वाचण्याआधी तुझं उत्तर समासात पेनने लिही.

निम्म्याहून जास्त डॉक्टर ८१ किंवा ९० टक्के म्हणाले. आता टक्के सोड आणि हजार बायका डोळ्यांसमोर आण. त्यांतल्या दहा जणींना रोग आहे, त्यांपैकी नऊ जणी पॉझिटिव्ह. उरलेल्या ९९० जणी निरोगी, त्यांपैकी सुमारे ८९ जणी पॉझिटिव्ह. म्हणजे पॉझिटिव्ह एकूण ९८, आणि खरोखर आजारी नऊच. अकरांत एक. आकडे असे मांडायला शिकवल्यावर त्याच डॉक्टरांपैकी ८७ टक्क्यांचं उत्तर बरोबर आलं. बुद्धी तीच होती, मांडणी बदलली. उद्या औषधाच्या दुकानात किंवा दवाखान्यात तुझ्यासमोर घाबरलेली बाई रिपोर्ट धरून बसेल, तेव्हा ही हजार माणसांची मांडणी कागदावर करून दाखवता आली पाहिजे.

डॅरल हफ यांचं ‘हाऊ टू लाय विथ स्टॅटिस्टिक्स’ (१९५४) पातळ आणि गमतीदार आहे, एका बैठकीत होईल. आलेख कसे फसवतात हे त्यातून लवकर कळतं. मात्र हेच हफ पुढे सिगारेट कंपन्यांच्या बाजूने उभे राहिले आणि धूम्रपान व रोग यांच्या संबंधावर शंका घेत अमेरिकी सिनेटच्या समितीपुढे बोलले, हेही जाणून वाच. पुस्तकातल्या कसोट्या त्यामुळे खोट्या पडत नाहीत, पण त्या कोणाच्या पदरी राबतात हे दरवेळी विचारावं लागतं.

चारच पुस्तकं सांगितली, तेवढी पुरेत. दहा चाळण्यापेक्षा ही चार पेन घेऊन वाच.

आता अण्णांचं. त्यांना पुस्तक पाठवू नकोस आणि ग्रुपवर माफीही मागू नकोस, फोन कर. काढ्यात काय काय आहे ते विचार आणि डॉक्टरांना दाखवल्याशिवाय घ्यायचा नाही, चालू गोळी एक दिवसही चुकवायची नाही, एवढं कबूल करून घे. डॉक्टर हो म्हणाले तर आधीचे पंधरा दिवस आणि नंतरचे पंधरा दिवस उपाशीपोटीची साखर वहीत लिहायची. साखर किती उतरली तर काढा लागू पडला आणि किती नाही उतरली तर सोडायचा, हे सुरुवातीलाच त्यांच्या अक्षरात लिहून घे. एका माणसाच्या महिन्याभराच्या आकड्यांवरून काढ्याबद्दल फारसं काही सिद्ध होत नाही, हेही त्यांना समजावून सांग. ते बँकेत पस्तीस वर्षं खतावण्या लिहीत होते, आकड्यांची भाषा त्यांना तुझ्याआधीपासून येते.

त्यांची डॉक्टरांकडची पुढची तारीख येत्या बुधवारी आहे. शक्य असेल तर तू सोबत जा, वही बरोबर ने.

तुझी
मावशी