गोलार्ध : देशांची विभागणी आणि शब्दांचे अर्थ

उद्दिष्टे
हा उपघटक अभ्यासल्यानंतर आपल्याला
• जगातील देशांची गोलार्धांनुसार विभागणी कशी होते ते सांगता येईल.
• दिशावाचक व ऋतुवाचक शब्दांचा अर्थ वक्त्याच्या स्थानाशी कसा निगडित असतो ते स्पष्ट करता येईल.

प्रास्ताविक
विद्यार्थी मित्रहो, ‘इथे’, ‘तिथे’, ‘उद्या’ या शब्दांचा अर्थ बोलणारा कोठे व केव्हा आहे यावर ठरतो. दिशांची व ऋतूंची नावे मात्र आपल्याला स्थिर वाटतात. ती खरोखर तशी आहेत का, हे नकाशाच्या आधारे तपासू.

१. दोन रेषा
‘गोल’ आणि ‘अर्ध’ यांच्या संधीतून ‘गोलार्ध’ हा शब्द सिद्ध होतो. विषुववृत्तामुळे उत्तर व दक्षिण गोलार्ध होतात. ही रेषा निसर्गसिद्ध आहे, कारण ती पृथ्वीच्या अक्षावरून निश्चित होते. पूर्व व पश्चिम गोलार्ध करणारी रेषा मात्र मानवी संकेताने ठरली आहे. प्राचीन भारतीय ज्योतिषात मूळ रेखावृत्त उज्जयिनीवरून जाते असे मानत. १८८४ साली वॉशिंग्टन येथील परिषदेने ग्रीनिचचे रेखावृत्त शून्य म्हणून स्वीकारले.

२. देशांची विभागणी
पृथ्वीवरील सुमारे दोन-तृतीयांश जमीन उत्तर गोलार्धात आहे. लोकसंख्येचा तर फार मोठा भाग तेथेच राहतो. विषुववृत्त इक्वेडोर, कोलंबिया, ब्राझील, गॅबन, युगांडा, केनिया, इंडोनेशिया इत्यादी देशांच्या भूमीवरून जाते. म्हणून हे देश दोन्ही गोलार्धांत मोडतात. शून्य रेखावृत्त ब्रिटन, फ्रान्स, स्पेन, अल्जीरिया, माली, घाना अशा देशांना छेदते. पॅसिफिक महासागरातील किरिबाती हा द्वीपदेश तर चारही गोलार्धांत पसरला आहे. भारत संपूर्णपणे उत्तर आणि पूर्व गोलार्धात येतो.

३. दिशेचा शब्द
आपण ‘पाश्चात्त्य साहित्यशास्त्र’ अभ्यासता. त्याचा आरंभ ज्या ग्रीसमध्ये झाला, तो देश पूर्व गोलार्धात आहे. जर्मनी व इटलीही तेथेच आहेत. ऑस्ट्रेलिया तर भारताच्याही पूर्वेस आहे, तरी त्याला आपण पाश्चात्त्य देशांत गणतो. म्हणजे ‘पाश्चात्त्य’ हा शब्द नकाशावरील स्थान सांगत नाही. तो संस्कृतीची परंपरा सुचवतो. ‘दक्षिण’ या शब्दाचा मूळ अर्थ ‘उजवा’ असाही आहे : उगवतीकडे तोंड करून उभे राहिले की उजव्या हाताला दक्षिण येते. दिशेच्या नावातच उभ्या राहिलेल्या माणसाचे शरीर दडलेले आहे.

४. ऋतूचा शब्द
दौंड तालुक्यातील कासुर्डी हे गाव विषुववृत्ताच्या उत्तरेस सुमारे १८.५ अंशांवर आहे. मॉरिशस दक्षिणेस सुमारे २० अंशांवर. अंतर जवळपास सारखे, बाजू मात्र विरुद्ध. १९व्या शतकात मुख्यतः कोकणातून तेथे मजुरीसाठी गेलेल्या मराठी लोकांचे वंशज आजही गणेश चतुर्थी साजरी करतात. कासुर्डीत गणपती पावसाळ्यात येतो. तेथे तो हिवाळा सरताना येतो. आपल्याकडे संक्रांतीला थंडी असते, म्हणून अंगात ऊब आणणारे तीळगूळ ऋतूला साजेसे वाटतात. तेथे त्या वेळी भर उन्हाळा असतो. ‘उत्तरायण’ म्हणजे सूर्याचे उत्तरेकडे सरकणे. आपल्यासाठी तो दिवस मोठा होण्याचा काळ, तेथे तो लहान होण्याचा.

तिथी चंद्रावरून ठरते, म्हणून सण समुद्रापार नेता येतो. ऋतू मात्र तेथील भूमीचाच असतो. मग अशा कुटुंबातील मूल ‘भाद्रपद’ हा शब्द शिकते, तेव्हा त्याला पाऊस आठवेलच असे नाही. शब्द तोच राहतो, त्याची अर्थच्छटा बदलते. अशा भाषकांची मराठी आपल्याहून निराळ्या अनुभवावर उभी आहे. तिला अशुद्ध किंवा उणी ठरवणे म्हणूनच शास्त्रीय नव्हे.

सारांश
उत्तर-दक्षिण विभागणी निसर्गसिद्ध, तर पूर्व-पश्चिम विभागणी संकेतसिद्ध आहे. दिशा व ऋतू यांचे शब्द वक्त्याच्या भूमीतून अर्थ घेतात.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न
१. ‘पाश्चात्त्य’ या शब्दाचे भौगोलिक व सांस्कृतिक अर्थ सोदाहरण स्पष्ट करा.
२. आपल्या गावातील दोन सण निवडा. त्यांच्याशी जोडलेले कोणते शब्द दक्षिण गोलार्धात जसेच्या तसे लागू पडणार नाहीत, ते लिहा.