रेखित राम आणि उसना स्वर : एका भारत-जपान ॲनिमेशनपटाचे माध्यमांतर

महाकाव्याचे माध्यमांतर म्हणजे कथानकाची दृश्यांत मांडणी, अशी समजूत आपल्या अभ्यासात रूढ आहे. युगो साको, राम मोहन आणि कोइची सासाकी यांनी दिग्दर्शित केलेला ‘रामायण : द लेजंड ऑफ प्रिन्स राम’ हा ॲनिमेशनपट तपासू लागले की ती अपुरी ठरते. येथे कथेहून अधिक निर्णायक प्रश्न आहे तो नायकाला रूप आणि स्वर कोणी द्यावयाचा, हा.

बी. बी. लाल यांच्या उत्खननावरील माहितीपटाच्या निमित्ताने साको १९८३ साली भारतात आले आणि रामकथेकडे वळले. परकीयाने रामायणास हात घालावा काय, अशी हरकत विश्व हिंदू परिषदेने त्याच वर्षी घेतली. भारत सरकारशी सहनिर्मितीही जमली नाही. चित्रपट घडला तो जपानमध्ये. राम हा देव असल्याने नटापेक्षा चित्रच त्याला न्याय देईल, अशी साको यांची भूमिका होती. या भूमिकेत तथ्य आहे. नटामागे त्याचे आयुष्य आणि पूर्वीच्या भूमिका असतात. रेषेमागे तसे काही नसते. त्यातच १९८७-८८ मधील दूरदर्शन मालिकेने अरुण गोविल यांचा चेहरा रामाशी एकजीव करून टाकला होता.

मात्र रेषाही संस्कारमुक्त नसते. धोतर कसे नेसतात, वडीलधाऱ्यांचा आशीर्वाद कसा घेतात, हे भारतीय चित्रकारांना जपानी सहकाऱ्यांस समजावून द्यावे लागले. ‘वंदन करून’ एवढ्या दोन शब्दांत कवी जे उरकतो, त्यासाठी येथे चित्रामागून चित्र काढताना हाताची, मानेची ठेवण ठरवावी लागते. रूपांतराचा खरा भार अशा तपशिलांवर पडतो; सेतुबंधनासारखे भव्य प्रसंग त्या मानाने सोपे.

भाषेचा निर्णय याहून धाडसी म्हणावा लागेल. मूळ चित्रपटातील संवाद इंग्रजी, तर गीते संस्कृत. मराठी नाटके हिंदीत नेणाऱ्या वसंत देव यांनी ती रचली आणि वनराज भाटिया यांनी संगीत दिले. इंग्रजी संवादांतून राम ‘प्रिन्स’ म्हणून, एका साहसकथेचा राजपुत्र म्हणून भेटतो. गीत सुरू होताच तो स्तोत्राचा विषय होतो. नायकाचे मानवत्व आणि देवत्व यांतील जो ताण टीकाकार वाल्मीकींच्या संहितेत शोधतात, तो येथे दोन भाषांत विभागला गेला आहे. बहुसंख्य जपानी व भारतीय प्रेक्षकांस संस्कृत सारखीच अनाकलनीय, हेही या योजनेच्या पथ्यावर पडले असावे.

अयोध्येतील डिसेंबर १९९२ च्या घटनेनंतर अवघ्या काही आठवड्यांत, जानेवारी १९९३ मध्ये, भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात हा चित्रपट दाखविला गेला. पुढे हिंदी आवृत्ती निघाली आणि तिच्यात रामाला आवाज दिला तो अरुण गोविल यांनीच. नटाचा चेहरा टाळून रेखाटलेल्या रामाला नटाचाच स्वर चिकटला, गीतेही हिंदीत आली आणि दोन भाषांतील तो ताण ओसरला. जानेवारी २०२५ मध्ये चित्रपट भारतातील चित्रपटगृहांत पुन्हा प्रदर्शित झाला तेव्हा हिंदी संवाद नव्याने ध्वनिमुद्रित केलेले होते; गोविल यांचा आवाज त्यांत नाही.