बारशाआधी कोश उघडा

पैठण तालुक्यातल्या पाचोडहून लेकीच्या बाळंतपणाला परदेशी निघालेल्या आजीच्या बॅगेत कुंची, हळीव आणि डिंकाचे लाडू असतात. नावांची यादी मात्र तिच्याआधी फोनवर पोचलेली असते, अर्थासकट. तो अर्थ बरोबर आहे का, हे पाहायला कुणी थांबत नाही. परदेशात मुरलेली मराठी घरे नव्या जोडप्यांना म्हणूनच कळकळीने सांगतात: नाव आवडले की आधी कोश उघडा, मग कागदावर घाला.

'आरव' घ्या. याद्यांमध्ये अर्थ असतो 'शांत'. मोनियर विल्यम्सच्या संस्कृत कोशात 'आरव' म्हणजे आवाज, ओरडणे. खरे तर कोशही लागू नये. 'कलरव' शब्द ज्याला ठाऊक, त्याला 'रव' कळतोच. शांतच हवे असेल तर 'नीरव' आहे. 'अनय' राधेच्या पतीचे नाव म्हणून आपल्या ओळखीचे, पण कोशात त्याचा अर्थ अनीती. 'मायरा' पुष्कळ ठिकाणी संस्कृत म्हणून दिलेले असते; ते इंग्रज कवी फुल्क ग्रेव्हिलने आपल्या कवितांत वापरलेले नाव. ठेवायला हरकत काहीच नाही, फक्त लेकीला मोठेपणी खरे सांगता यावे.

याद्या एकमेकींवरून उतरवलेल्या असतात, त्यामुळे पाच ठिकाणी तोच अर्थ दिसला तरी साक्षीदार एकच धरावा. मोल्सवर्थचा कोश (1831, सुधारित आवृत्ती 1857) आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश शिकागो विद्यापीठाने, तर मोनियर विल्यम्सचा कोश जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठाने इंटरनेटवर फुकट ठेवला आहे. पुराणातल्या नावांसाठी सिद्धेश्वरशास्त्री चित्राव यांचा प्राचीन चरित्रकोश पाहावा.

दुसरी चूक घड्याळाची. जन्मनक्षत्राच्या चरणावरून नावाचे अक्षर काढायला पाचोडला जन्मवेळ कळवली जाते: रात्री आठ. पण शिकागोत उन्हाळ्यात रात्रीचे आठ वाजतात, तेव्हा भारतात दुसऱ्या दिवशीचे सकाळचे साडेसहा झालेले असतात. चंद्राला नक्षत्राचा एक चरण ओलांडायला साधारण सहा तास लागतात. साडेदहा तासांच्या फरकात दोन चरण सरकू शकतात. रोहिणीची अक्षरे ओ, वा, वी, वू. 'वी'च्या जागी घरात 'ओ'ची नावे शोधली जातात. म्हणून वेळेबरोबर गाव आणि तारीखही कळवावी, किंवा सरळ भारतीय वेळ करून सांगावी.

मग स्पेलिंग. रोमन लिपीत 'वेद' आणि 'वेड' यांची अक्षरे तीच! दाखल्यावर जाण्याआधी नाव आजीला देवनागरीत लिहून दाखवावे आणि शेजारच्या परदेशी माणसाकडून मोठ्याने वाचून घ्यावे.

मुदतीही ध्यानात असाव्यात. इंग्लंडमध्ये जन्मनोंद 42 दिवसांत करायची असते, आणि नोंदीनंतर 12 महिन्यांत नाव बदलता येते. भारतात नोंद 21 दिवसांत. परदेशी जन्मलेल्या बाळाला भारतीय नागरिकत्व हवे असेल तर वर्षाच्या आत भारतीय वकिलातीत नोंद करावी लागते. बाराव्या दिवसाचे बारसे या सगळ्यांत आरामात बसते.

आणि याद्या चाळण्याआधी आजीला विचारावे. पाचोडच्या माणसाला पैठण जवळचे. तिथल्या संत एकनाथांचे पणजोबा भानुदास सूर्याचे उपासक होते आणि भानुदास म्हणजे सूर्याचा दास, हे ती फोन ठेवायच्या आत सांगते.