आठवणीचे दोन प्रकार

घरातील माणूस गेले किंवा अनेक वर्षांचे नाते तुटले, की काही महिने हात जुन्या सवयीनेच चालतात. चहाला दोन कप पाणी ठेवले जाते. फोनमधील क्रमांक पुसवत नाही. साधकाला त्यात आणखी एक त्रास असतो : 'इतकी वर्षे साधना करूनही मी यातून बाहेर का येत नाही?' तुम्हाला हा प्रश्न पडत असेल, तर आधी स्वतःला दोष देणे थांबवा.

पतंजलींनी चित्ताच्या पाच वृत्ती सांगितल्या आहेत. स्मृती ही त्यांतील पाचवी. प्रत्येक वृत्ती क्लिष्टही असते आणि अक्लिष्टही. 'मी तसे बोललो नसतो तर', 'माझ्याशीच असे का वागली' या घाण्याला मनाला जुंपते ती आठवण क्लिष्ट. (खरे तर आपण पुष्कळदा हिलाच प्रेम समजतो.)

दुसरी आठवण कशी असते, ते संत नामदेवांकडे पाहून कळते. १२९६ मध्ये ज्ञानेश्वरांनी आळंदीला समाधी घेतली. त्या प्रसंगाचे जे अभंग नामदेवांच्या नावे आहेत, त्यांत शोक लपवलेला नाही. ज्ञानेश्वरांचे गुरू असलेले निवृत्तिनाथही तिथे व्याकूळ झालेले दिसतात. पण नामदेव नुसते रडत नाहीत, नीट पाहतात. समाधीची जागा आपल्या मुलांनी झाडली, एवढी बारीक गोष्टही ते नोंदवतात. 'आदि', 'तीर्थावळी' आणि 'समाधी' या प्रकरणांतून ज्ञानदेवांचे चरित्र आपल्यापर्यंत पोहोचले. त्यानंतर नामदेव चोपन्न वर्षे जगले, पंजाबात घुमानपर्यंत गेले. त्यांची एकसष्ट पदे गुरू ग्रंथसाहिबात आहेत.

जिवंत माणसाशी नाते तुटले असेल, तर हे अधिक अवघड आहे. त्याला तेरावा नसतो, कोणी भेटायला येत नाही, आणि ते माणूस उद्या बाजारात समोर येऊ शकते. तिथे घाई करू नका.

आज रात्री जपाला बसण्यापूर्वी वहीत त्या व्यक्तीविषयी एकच गोष्ट लिहा. तिने तुम्हाला काय दिले किंवा काय केले, हे नको. ती भाकरी कशी थापायची, पत्र वाचताना चष्मा कुठे सरकवायची, असे काही. लिहिताना रडू आले तर येऊ द्या. मग वही मिटून माळ हातात घ्या.